लवूच्या पानावर

सौरभ बोरिवलीहून सकाळीच आला तेव्हाच मी ओळखलं, हा जेवायला नाही, भांडायला आलाय. जेवायला येणारा मुलगा आधी स्वयंपाकघरात डोकावतो. हा चपला काढून सरळ हॉलमध्ये गेला आणि भिंतीवरच्या लवूभावोजींच्या फोटोसमोर पोलिसासारखा उभा राहिला.

मी वड्यांचं पीठ मळत होते. तिथूनच विचारलं, "काय रे, चहा टाकू?"

"आई, हा माणूस खरंच होता ना?"

"नाहीतर काय, पन्नास वर्षं बटाट्याचा फोटो लावलाय मी?"

"मस्करी नको. खरंच लढाईत गेला ना?"

माझा हात पिठात थांबला. पण माझं वय झालंय, हात असेही मध्येमध्ये थांबतात, त्यामुळे कोणाला संशय आला नाही. फक्त माझी नात दिशा ओट्यापाशी काकडी चोचवत होती, तिने मान वर केली. ती पोरगी माझ्यावर गेलीय.

त्या दिवशी भाद्रपदातली घात चतुर्दशी. लढाईत, अपघातात गेलेल्यांचा म्हाळ आमच्याकडे ह्याच दिवशी घालतात. लवूभावोजी म्हणजे आमच्या ह्यांचे मोठे भाऊ. मिलच्या टीमकडून फुटबॉल खेळायचे, पगार साचाखात्याचा आणि वेळ बराचसा मैदानावर. मग पलटणीत गेले आणि एकाहत्तरच्या लढाईत संपले. एवढं सगळ्या भांडुपला माहीत आहे, कारण सगळ्या भांडुपला मीच सांगितलंय. त्यांनी मारलेला बॉल मिलच्या चिमणीत पडला आणि अख्खी रात्रपाळी बंद राहिली, हे माझंच. लालबागहून मारलेला एक बॉल भांडुपच्या पाइपलाइनपलीकडे पडला, तो शोधायला आलो आणि इथेच राहिलो, हेसुद्धा माझंच. शत्रूचा हातबॉम्ब छातीवर झेलून डाव्या पायाने परत पाठवला, ही तर टेंभीपाड्यात अजून चालते. मी त्यांना कधी बघितलेलं नाही. मी लग्न होऊन आले तेव्हा ते जाऊन दोन वर्षं झाली होती. पण बघितलं नाही म्हणून गोष्ट सांगायची नाही, असं कुठे आहे?

"मी चौकशी केली," सौरभ म्हणाला. "दादाने उद्या मैदानाच्या नामकरणाला चीफ गेस्ट म्हणून ज्या रिटायर्ड सुभेदारसाहेबांना बोलावलंय, त्यांचा मुलगा माझ्या ऑफिसात आहे. साहेब त्याच पलटणीतले. ते म्हणतात, आमच्याकडे लवू धुरी नावाचा माणूसच नव्हता. मेलेला नाही, जिवंत नाही, आजारी नाही. आई, उद्या तो माणूस माइकवर हेच बोलला तर?"

गॅससमोर माझी थोरली सून अक्षता काळ्या वाटाण्याचं सांबार ढवळत होती. तिचा डाव फिरायचा थांबला. अक्षताच्या मनात काय चाललं होतं ते मी सांगते, मला नंतर तिनेच सांगितलं, थोडी फोडणी माझी. तिला वाटत होतं, बरं झालं. दोन वर्षं नवरा त्या मैदानाच्या नावासाठी वॉर्ड ऑफिसच्या पायऱ्या झिजवतोय. घरात बोलायला वेळ नाही, गॅलरीतली जाळी दुरुस्त करायला वेळ नाही. आणि ते सगळं सासूच्या एका थापेपायी असेल, तर एकदाचं कळू दे.

"भावजी," ती हळूच सौरभला म्हणाली, "मला पण कधीपासून वाटतंय. घरात एक मेडल नाही, एक टोपी नाही. कोणाच्या घरी असं असतं?"

बघा, दीर-भावजय. एरवी गणपतीत मोदकाच्या सारणावरून बोलत नाहीत एकमेकांशी. त्या दिवशी एका बाजूला झाले.

तेवढ्यात थोरला सुयोग आला. खांद्यावर फ्लेक्सची गुंडाळी, अंगाला त्या रंगाचा वास. त्याने ती हॉलभर उलगडली. भिंतीवरच्या फोटोतले भावोजी अनवाणी आहेत, मिलची पट्ट्यापट्ट्यांची जर्सी, कमरेवर हात, एक पाय बॉलवर. फ्लेक्सवाल्या केयूरने त्याच फोटोच्या हातात बंदूक दिली होती, मागे दोन रणगाडे, वर तीन विमानं. खाली लिहिलं होतं, 'हुतात्मा लवू धुरी क्रीडांगण, भांडुप.'

"झकास ना?"

"अनवाणीच पाठवलास त्याला लढाईवर?" दिशा म्हणाली.

"पाय अर्धे कापलेत. उरलेले हार घातला की दिसणार नाहीत."

सौरभने सगळं परत सांगितलं. सुयोगचा चेहरा आधी पांढरा झाला, मग लाल. "तुला कोणी सांगितली चौकशी करायला? माझं काही चांगलं होतंय की तुझ्या पोटात दुखायलाच लागतं."

"माझ्या नाही, उद्या तुझ्या दुखेल. वाट लागेल, दादा. पेपरात येईल, नकली हुतात्मा. तूच विचार ना हिला."

"आई, सांग त्याला."

मी वडा थापला आणि तेलात सोडला. "काय सांगू? हातबॉम्बचं सांगू?"

"खरं ते सांग गं!"

"खरं मागायला तुम्ही माझ्याकडे येता, ह्यातच तुमचं चुकतं."

ह्यावर दिशा हसली आणि तिला दोन्हीकडून ओरडा बसला. माझ्यामुळे. म्हणून मी तिला गरम वडा दिला, पान वाढायच्या आधी. तो खाताखाता तिने माझ्या कानाशी विचारलं, "आजी, मागच्या आठवड्यात तू पप्पांना एक फ्लेक्स घाटकोपरला लावायला का सांगितलं होतंस? आपलं तिकडे कोण आहे?"

"तिकडची माणसं फुटबॉलप्रेमी आहेत," मी म्हणाले.

ती माझ्याकडे बघत राहिली. संशय घ्यावा तर असा, शांतपणे, वडा चावत.

*

पान वाढायची वेळ झाली. आमच्याकडे म्हाळाला नुसता कावळ्यावर विश्वास ठेवत नाहीत. कावळ्याचा वाडा, म्हणजे त्याच्या वाटणीचं पान, खिडकीत ठेवायचाच, पण घरात पानावर एक जिताजागता माणूस बसवायचा. तो त्या दिवसापुरता गेलेला माणूस. त्याला गेलेल्याच्या नावाने हाक मारायची, पोटभर वाढायचं आणि घरच्या कर्त्याने विचारायचं, आणखी काय हवं? तो जे मागेल ते द्यायचं. गेली बरीच वर्षं आमच्याकडे खालच्या मजल्यावरचा दादू बसतो. तो दरवेळी आणखी खीर मागतो, आपली सुटका होते.

"दादूकाका कुठे राहिले?" सुयोगने विचारलं.

"तो येणार नाही."

"का?"

"मीच नको म्हटलं."

केळीचं पान मांडलेलं, समोर पाट, पाटावर कोणी नाही. खिडकीच्या जाळीत वाडा ठेवला होता, तिथे कावळाही नाही. आता कावळ्याचं गुपित तुमच्यापाशीच ठेवा: रोज सकाळी एसीच्या डब्यावर जो कावळा येतो त्याला मी त्या दिवशी पहाटेच तीन चकल्या घातल्या होत्या. तो पोट भरून गेला होता दिंडोशीकडे कुठेतरी. मला घाई नको होती.

"कावळा पण शिवत नाहीये," अक्षता पुटपुटली. "काहीतरी राहिलंय त्यांचं."

"काही राहिलेलं नाही," सौरभ म्हणाला. "नसलेल्या माणसाचं काय राहणार?"

तेव्हा बेल वाजली.

दारात एक बाई उभी होती. साठीकडे झुकलेली, कडक इस्त्रीची साडी, चष्मा, बँकेत मोठ्या टेबलामागे बसणाऱ्या बाया असतात तशी. हातात कापडी पिशवी घट्ट धरलेली.

"मी लता खरात. घाटकोपरहून आले. तुमचा फ्लेक्स आमच्या गल्लीच्या तोंडाशी लागलाय, त्यावरचा पत्ता बघून आले." तिने आत जमिनीवर पसरलेल्या फ्लेक्सकडे बघितलं आणि तिथेच थबकली. "हा माणूस कोण आहे?"

"आमचे काका," सुयोग छाती काढून म्हणाला. "हुतात्मा लवू धुरी."

"मग ह्यांचा फोटो माझ्या घरात कशाला?"

पिशवीतून तिने एक जुनी फ्रेम काढली. फ्रेममध्ये तिचे वडील, टक्कल, मिश्या. मग तिने फ्रेमचा पाठचा पुठ्ठा सरकवला. आत लपवलेला दुसरा फोटो. पलटणीच्या फुटबॉल टीमच्या वेळचा, पण एकट्याचाच काढलेला. खुर्चीवर बसलेला जवान पोरगा, कडक जर्सी, पायांत चकचकीत बूट, पायांमध्ये बॉल. आणि चेहरा आमच्या भिंतीवरचा. तीच भुवई, डावीकडे तुटलेली. खाली इंग्रजीत नाव लिहिलेलं.

सौरभने वाचलं. "धोंडिराम खरात."

"धोंडिराम खरात माझे बाबा," लता म्हणाली. "आणि हे माझे बाबा नाहीत."

आता बघा कसे वारे फिरले. जे दोघे भाऊ मघाशी एकमेकांच्या उरावर बसत होते, ते एका क्षणात खांद्याला खांदा लावून दारात उभे. सुयोगला वाटलं, मैदानाच्या नावात हिस्सा मागायला आलीय. सौरभला वाटलं, विरोधी पार्टीने पाठवलीय.

"मॅडम, हे आजकाल कॉम्प्युटरवर काय पण करता येतं," सुयोग म्हणाला.

"ते दिसतंय," लता फ्लेक्सवरच्या विमानांकडे बघत म्हणाली.

अक्षताला हसू आलं. आणि माझी सून हसली की समजावं, पक्ष बदलला. तिने पाण्याचा तांब्या आणला, लताला आत घेतलं, खुर्ची दिली. "बसा हो ताई. ह्यांच्याकडे नका लक्ष देऊ."

लता बसली, पण पाठ टेकली नाही. ती माझ्याकडे बघत होती. वरपासून खालपर्यंत.

"काकू, एक विचारू? रागावू नका. माझे बाबा दरवर्षी भाद्रपदात एक दिवस सुट्टी टाकून कुठेतरी जायचे. सकाळी अंघोळ करून, धुतलेला सदरा घालून. कुठे ते सांगायचे नाहीत. परत आले की घरी जेवायचे नाहीत. हाताला वड्यांचा वास. आई जन्मभर म्हणायची, भांडुप साइडला दुसरं घर आहे त्याचं." तिने पिशवी मांडीवर ओढली. "तुम्हीच का त्या?"

सुयोगच्या हातातून फ्लेक्सची दोरी पडली.

खरं सांगते, एकाहत्तराव्या वर्षी असा आरोप व्हायला नशीब लागतं. मी आधी मजा घेतली. सौरभ माझ्याकडे बघतोय, सुयोग माझ्याकडे बघतोय, आणि दोघांच्या डोक्यात एकच हिशेब, आपलं नाक कोणासारखं आहे.

"आई?" सुयोगचा आवाज बारीक झाला.

"थांब रे. मला ऐकू दे, अजून काय काय केलं मी."

"आजी, प्लीज," दिशा म्हणाली. "आता बास."

पण बोलला तो सौरभ. माझा शंकेखोर सौरभ, जो डॉक्टरच्या गोळ्या पण इंटरनेटवर वाचल्याशिवाय घेत नाही. तो लताच्या फ्रेमकडे बघत होता, वरच्या फोटोकडे, टक्कल आणि मिश्यांकडे.

"ह्यांच्या उजव्या हाताला करंगळी नव्हती?"

लता दचकली. "साच्यात गेली. मिलमध्ये. तुम्हाला कसं माहीत?"

"दादा, हे तर आपले गप्प काका!" सौरभ ओरडला.

सुयोगने फ्रेम हातात घेतली. मी त्याचा चेहरा बघत होते. पन्नास वर्षांचा बाप्या, पण त्या वेळी हाफ पँटमधला दिसला. "हे आपल्याकडे म्हाळाला यायचे. पानावर बसायचे. दादूच्या आधी. कोणाशी बोलायचे नाहीत. मी त्यांच्या बोटाकडे बघायचो म्हणून आमच्या आजीने मला चिमटा काढला होता." मग त्याचा आवाज बदलला. "पण आजी त्यांना लवू म्हणायची. लवू, पोटभर जेव. मला वाटायचं त्यांचं नावच लवू आहे."

"आमच्या दारावर मिलची माणसं यायची," लता अगदी हळू म्हणाली, "ती पण विचारायची, लवू आहे का घरात? मी लहान होते. मी सांगायची, इथे लवू कोणी नाही. तर बाबा आतून धावत बाहेर यायचे." तिने माझ्याकडे बघितलं. ह्या वेळी नजर वेगळी होती, घाबरलेली. "काकू, माझ्या बापाने तुमच्या माणसाचं काय केलं?"

हाच प्रश्न घेऊन ती आली होती. दुसरं घर वगैरे तिच्या आईचं. हिचं जन्मभराचं भय हे.

*

मी गॅस बंद केला आणि बाहेर येऊन बसले.

"तुझ्या बापसाने मला सांगून ठेवलं होतं. माझी पोरं विचारायला आली तर सांगा, आपणहून जाऊ नका. मी गेले नाही. फ्लेक्स गेला."

दिशाने डोळे मिटले, कळल्यासारखे.

"मिलचा कायदा होता, मिलच्या टीमचा माणूस दुसऱ्या क्लबकडून खेळला की घरी बसवणार. आणि भावोजींना जिथे बॉल दिसेल तिथे लाथ मारायची हौस. मग रविवारी ते तुमच्या वस्तीतल्या क्लबकडून खेळायचे, धोंडिरामच्या नावावर. मिलमध्ये एकाच्या जागी दुसरा बदली उभा राहतो ना, तसं. धोंडिराम मैदानाच्या कडेला बसून आपल्याच नावाच्या टाळ्या ऐकायचा."

"बाबांना खेळता यायचं?"

"तुझ्या बापसाला बॉल आणि नारळ ह्यातला फरक कळायचा नाही. एकदा पलटणीची माणसं खेळाडू शोधत आली. त्यांनी खेळ बघितला लवूचा आणि नाव नेलं धोंडिराम खरात. बोलावणं तुमच्या घरी आलं."

"आणि बाबा घाबरले."

"ऐकून घे गं. तेव्हा कसलीच लढाई नव्हती. धोंडिरामला नुकती मुलगी झालेली. म्हणजे तू. मिलमध्ये तो बदली, आज काम तर उद्या नाही. त्याला पक्की जागा हवी होती आणि ती भावोजींकडे होती. आणि भावोजींना काय हवं होतं? बूट. मिलची टीम अनवाणी खेळायची. पलटणीच्या टीमला बूट मिळायचे, दूध-अंडी मिळायची, थेट कलकत्त्यापर्यंत मॅचेस. दोघांनी मैदानावर बसून ठरवलं. एक गेला धोंडिराम होऊन. दुसरा साचाखात्यात उभा राहिला लवू होऊन. मुकादमाला काय, साचा चालल्याशी मतलब. तो बुटातला फोटो तुमच्या पत्त्यावर आला, कारण पत्ता तुमचाच होता."

"आणि मग लढाई लागली," सौरभ म्हणाला.

"मग लढाई लागली. तार पण तुमच्याच घरी आली, लता. धोंडिराम खरात गेला म्हणून. आणि धोंडिराम खरात समोर बसून भाकर खात होता."

खाली सोसायटीत कोणीतरी गाडीचा हॉर्न वाजवत होतं, ते ऐकू येत होतं.

"तुझी आई तेव्हा तुला घेऊन गावी होती, तिला ह्यातलं कधी कळूच दिलं नाही. तुझी आजी ती तार पदरात बांधून आमच्या आयेकडे, म्हणजे माझ्या सासूकडे आली. मी नव्हते तेव्हा, पण आयेनेच मला सांगितलं. तुझा बाप दाराबाहेर उभा. म्हणत होता, मी पोलिसात जातो, सगळं सांगतो. आये त्याला म्हणाली, 'एक गेलो. आता तुका तुरुंगात घालून माझो झील परत येतलो काय?' मग म्हणाली, 'तू लवू म्हणान मिलात ऱ्हवतस, तर चतुर्दशीक लवू म्हणान माझ्या घराक जेवूक ये.' बस. एवढीच शिक्षा. तो मरेपर्यंत आला."

"आणि पेन्शन?" सौरभ. हा माझाच मुलगा आहे ह्याबद्दल त्या क्षणी कोणाला शंका राहिली नसेल.

"लताच्या आजीने त्यातला एक पैसा घरात ठेवला नाही. सगळी इथे आणून द्यायची. तुझ्या शाळेची फी त्यातून गेलीय, शहाण्या."

सौरभ खाली बघायला लागला.

लता रडत नव्हती. तिने चष्मा काढून साडीच्या पदराला पुसला, परत घातला, परत काढला. "ते कसे गेले? शेवटी काय झालं त्यांचं?"

"ते कोणालाच माहीत नाही, बाय. तारेत तीन ओळी. कोणी भेटायला आलं असेल, सांगायला आलं असेल, ते धोंडिरामच्या घरी. आणि तुमच्या घरी दार उघडायला धोंडिराम. कोण काय विचारणार?" मी पदर सारखा केला. "म्हणून मी हातबॉम्ब घातला. रिकामी जागा बरी दिसत नाही."

सुयोग उठून खिडकीपाशी गेला. त्याच्या मनात काय चाललंय ते पाठीवरून दिसत होतं. दोन वर्षांची धावपळ. उद्याचा मांडव. सुभेदारसाहेब. तो वळला आणि तेच बोलला जे मला नको होतं.

"मॅडम, उद्याचा एक दिवस... तुम्ही हे कोणाला बोलू नका. कार्यक्रम होऊन जाऊ दे. साहेबांना मी काहीतरी सांगून येऊ नका म्हणतो. नंतर बघू."

"का?" अक्षता उसळली. "का गप्प बसायचं त्यांनी? त्यांच्या घराने गप्प बसूनच काढला ना जन्म? त्या माउलीचा आपल्या नवऱ्यावर संशय घेत जीव गेला, तो तुमच्या घरच्या वड्यांपायी!"

"अगं पण नाव खोटं निघालं तर मैदान जाईल!"

"नाव खोटं नाही," सौरभ सावकाश म्हणाला. सकाळपासून नाही म्हणत आलेला माणूस. "साहेब म्हणतात लवू धुरी नव्हता. बरोबर. पण धोंडिराम खरात असणार. तिकडे स्मारकाच्या दगडावर कुठेतरी नाव असेल, आणि त्या नावाखाली आपला काका आहे." तो लताकडे वळला. "प्रश्न इतकाच की ह्यांना ते चालेल का. जगाला कळेल, ह्यांचे वडील दुसऱ्याच्या नावावर जगले."

सगळे लताकडे बघायला लागले. भावोजींचं नाव मैदानाच्या भिंतीवर लागणार की नाही, ते आता आमच्या हातात नव्हतंच. ते घाटकोपरहून आलेल्या बाईच्या हातात होतं. आणि ती त्या रिकाम्या पाटाकडे बघत होती.

"इथेच बसायचे?"

"इथेच," मी म्हणाले. "भिंतीकडे पाठ करून. ये, बस."

"मी?" ती मागे सरली. "काकू, आम्ही बौद्ध. हे पितरबितर आम्ही मानत नाही."

"तुझा बापूस पण मानत नव्हता. दरवर्षी आल्याआल्या तेच सांगायचा, आये, मी हे मानत नाही. आणि मग हातपाय धुवायचा."

सुयोगने माझ्याकडे बघितलं. बाईमाणूस, पुरुषाच्या पानावर, आणि आणखीही काही त्याच्या तोंडापर्यंत आलं असेल. पण झारा अजून माझ्या हातात होता.

"आई," सौरभने शेवटचा प्रयत्न केला, "ह्यातलं खरं किती? तुझं काय सांगता येत नाही."

"आयेने मला लग्नानंतर पहिल्याच म्हाळाला बजावलं होतं. 'तोंडान काय व्हया ता सांग, पण पानार खोटा वाढू नको.' दादूला आज नको म्हटलं ते त्यासाठीच. खीर खायला बसलेला दादू तो लवू नव्हे. हिच्या घरच्याच माणसाने तो होऊन दाखवला होता."

लताने पिशवी अक्षताकडे दिली. मोरीत जाऊन हात धुतले, पाय धुतले. आली आणि पाटावर बसली, भिंतीकडे पाठ करून. आमच्या भिंतीवरचे भावोजी बरोबर तिच्या डोक्यावर.

मी वाढलं. वडे, काळ्या वाटाण्याचं सांबार, भोपळ्याची भाजी, काकडीची कोशिंबीर, खीर. अक्षताने पानाभोवती पाणी फिरवायला तांब्या सुयोगच्या हातात दिला. त्याने फिरवलं. मग उभाच राहिला.

"बोल ना," दिशा कुजबुजली.

"पोटभर जेव..." सुयोग थांबला. तांब्या खाली ठेवला. "पोटभर जेवा, लवूकाका."

लताने वडा मोडला. सगळं खाल्लं, हळूहळू, मान खाली घालून, कोणाशी न बोलता. सौरभ तिच्या हाताकडे बघत होता. तिची करंगळी जागेवर होती, तरी तो बघत होता.

पान संपत आलं तेव्हा सुयोग वाकला. आता विचारायचंच होतं, कर्ता तोच. "काका, आणखी काय हवं?"

"काहीही मागता येतं?" लताने मला विचारलं.

"पानावर बसलेल्याला नाही म्हणत नाहीत."

तिने डाव्या हाताने तो बुटातला फोटो उचलला आणि सुयोगसमोर धरला.

"उद्या साहेबांना मांडवात बोलव. त्यांना सांग, तुमचा धोंडिराम खरात तो मी. तिकडे दगडावर ते नाव आहे ते तसंच राहू दे, खोडायचं नाही. ते मी कमावलंय. इथे भिंतीवर माझं घरचं नाव लाव. माझ्या जोडीदाराने ते मिलमध्ये सांभाळलं, एक बोट देऊन, हेपण माइकवर सांग. मी समोर बसून ऐकणार आहे." ती थांबली. "आणि फ्लेक्सवरची ती बंदूक काढ. मी बंदुकीसाठी गेलो नव्हतो. हा फोटो लाव, ह्यात माझ्या पायात बूट आहेत."

सुयोगने दोन्ही हातांनी फोटो घेतला.

"आणखी एक वडा, काका?"

"अर्धा," लता म्हणाली.

तेवढ्यात जाळीवर खडखड झाली. सगळ्यांनी वळून बघितलं. कावळा. वाड्यातला वडा चोचीत धरून उभा, ऐटीत.

सगळे एकदमच माझ्याकडे वळले. सौरभ, सुयोग, अक्षता, आणि दिशा तर कमरेवर हात ठेवून.

"आजी, काय केलंस तू?"

मी काय करणार? त्याला तीन चकल्या घालून पाठवला होता. भूक असायचं काही कारणच नव्हतं. हे मी त्यांना दहादा सांगितलं, शपथ घेऊन सांगितलं. एकानेही विश्वास ठेवला नाही.